वरून पाहणी

(काळाचौकीतल्या चाळीतली खोली. सकाळ. नळाला पाणी आलंय. शामराव, त्यांची बायको बकुळा आणि मुलगी संघमित्रा.)

बकुळा : आता आणखी किती वेळा इस्त्री फिरवू? कापडाचा जीव गेला.

शामराव : कॉलर ताठ पाहिजे. फोटोत कॉलरच दिसते, खाली गुच्छ येतो.

बकुळा : गुच्छ देणारे तुम्ही. म्हणजे फोटोत तुमची पाठ.

शामराव : पाठ कशी येईल? युनियनच्या धनेशने फोटोवाल्याला सांगून ठेवलंय, साइडने काढ म्हणून. गाडी गेटमधून आत आली की साहेब लोक उतरणार. नारळ धनेश फोडणार, ते मी करत नाही हे युनियनला माहितीये. मग मी पुढे व्हायचं, गुच्छ द्यायचा. कारखान्यात सगळ्यात सीनियर कोण, तर शामराव. दुसरं नावच आलं नाही कुणाचं.

संघमित्रा : पप्पा, आज नाही गेलात तर?

शामराव : कुठे नाही गेलो तर?

संघमित्रा : कारखान्यात. आजची एक सुट्टी टाका ना.

शामराव : ऐकलंस, बकुळा? मलेरिया झाला तेव्हा गोळी खाऊन ड्युटीला गेलो, आणि आज सुट्टी टाकू? आज पाहणी आहे, बाई. दिल्लीने कन्सल्टंट नेमलेत. आपला जलयंत्र कारखाना सरकारने ठेवायचा की विकायचा, ते हे लोक सांगणार.

संघमित्रा : माहितीये मला.

शामराव : माहितीये तर सुट्टी कसली टाकायला सांगतेस? बकुळा, माझे काळे बूट कुठेयत?

बकुळा : पायाशीच आहेत. मघापासून त्यांनाच ओलांडून फिरताय.

संघमित्रा : तयारी काय काय केलीत तुम्ही लोकांनी?

शामराव : काय नाही केलं ते विचार. गणपती गेले तसे लागलोय. गेटला ऑइलपेंट मारला. शेडच्या भिंतींना चुना. फाउंड्रीसमोर कॅन्टीनच्या बायका रांगोळी काढणारेत. आणि मशीनं सगळी चालू. जी बंद पडलेली, त्यातलीही दोन-चार चालू केली. साहेबाने आत पाऊल टाकलं की आवाज आला पाहिजे. आवाज नसला की त्याला वाटतं कारखाना मेलाय.

संघमित्रा : ऑर्डर कुणाची आहे पण?

शामराव : ऑर्डर नसली म्हणून काय झालं? मंत्री यायचे तेव्हाही आम्ही असंच करायचो. एकदा तर तेच व्हॉल्व एका दाराने बाहेर नेले आणि मागून फिरवून दुसऱ्या दाराने आत आणले. ट्रॉल्या भरलेल्या दिसायला नकोत का? मंत्री खूश. त्या वर्षी नवीन लेथ मिळालं आम्हाला.

बकुळा : आणि तुमची कंबर गेली, ते सांगा की.

संघमित्रा : आणि आता जो माल काढलात, तो कुठे जाणार?

शामराव : स्टोअरमध्ये. जाईल कधीतरी.

संघमित्रा : नाही जाणार. स्टोअरमध्ये आधीचेच व्हॉल्व गंजतायत. वीज जाळलीत, लोखंड वापरलंत आणि विकलं काहीच नाही. हा महिना कागदावर सगळ्यात वाईट दिसणारेय, पप्पा.

शामराव : स्टोअरमध्ये काय गंजतंय ते तुला कुणी सांगितलं?

बकुळा : काय गो? सांग की, कुणी सांगितलं?

संघमित्रा : आई, जरा नळ बंद कर.

बकुळा : पाणी जायची वेळ झालीये, नळ कसा बंद करू? बोल तू, मला ऐकू येतं.

संघमित्रा : आज येणारी टीम आमच्या ऑफिसची आहे.

शामराव : तुमच्या ऑफिसची म्हणजे?

संघमित्रा : नूपुर मॅडम हेड आहेत. त्यांच्या गाडीत मी आहे.

बकुळा : अहो, बसा. ती खुर्ची घ्या आधी.

शामराव : कधीपासून चाललंय हे?

संघमित्रा : जूनपासून.

शामराव : जूनपासून. म्हणजे मी रोज जेवताना पाहणीचं सांगतोय आणि तू समोर बसून भात कालवतेस.

संघमित्रा : आम्हाला बाहेर बोलता येत नाही. तसं लिहून घेतात. आणि खरं सांगू, मला वाटलं होतं आयत्या वेळी माझं नाव गळेल. मराठी बोलणारं कुणीतरी हवं म्हणून ठेवलं.

शामराव : म्हणजे आज मी तुलाच गुच्छ द्यायचा.

संघमित्रा : मॅडमना द्याल. मी मागच्या सीटवर असेन. पण तिथे सगळे मला ओळखतात, पप्पा. धनेशकाका, कॅन्टीनच्या मावश्या. दहावीला मला मार्क पडले तेव्हा युनियनने त्याच गेटपाशी माझा सत्कार केला होता. म्हणून म्हणतेय, सुट्टी टाका.

शामराव : माझी लाज वाटते तुला?

संघमित्रा : माझी वाटते. तुम्हाला गुच्छ घेऊन उभं बघितल्यावर मला गाडीतून उतरताच येणार नाही.

बकुळा : आवाज खाली करा दोघांनी. शेजारची सुभद्रा बाहेर हंडा घासतेय. तिचा हंडा आज काही लवकर स्वच्छ होत नाही.

शामराव : थांब. थांब जरा. हे बरंच झालं की.

संघमित्रा : काय बरं झालं?

शामराव : आपलंच माणूस आत आहे. तू काय कर, मॅडमना टेस्टिंगला घेऊन ये. मी एक व्हॉल्व प्रेशरला लावून ठेवतो. पाच मिनिटं उभं राहून बघू दे त्यांना. माझा शिक्का पडतो त्याच्यावर, उगाच नाही. एकदा बघितलं की बाई स्वतः म्हणेल, हे कसं विकायचं? साहेब लोक कधी शेडमध्ये येतच नाहीत, हाच तर प्रॉब्लेम आहे.

संघमित्रा : आजही येणार नाहीत.

शामराव : का? पाहणीला येतायत ना?

संघमित्रा : पाहणी मशीनची नाहीये. जागेची आहे.

शामराव : कसल्या जागेची?

संघमित्रा : तुमच्या कारखान्याच्या. शिवडीत एवढी जागा आता कुठे राहिलीये? कारखाना चालतो की नाही हा विषय त्यांच्या दृष्टीने कधीच संपला. मागे मोकळी जागा किती आहे तेवढंच बघायचंय. मोजणीवाला ड्रोन आणणारेय. वरून फोटो काढायचे, हद्द पक्की करायची आणि निघायचं. हे जूनमध्येच होणार होतं. पण रान माजलेलं, हद्दीचे दगड दिसेनात, त्यात साप निघाला. वरून दोन-चार फोटो काढून माणसं परत गेली. काल मॅडम म्हणाल्या, आता साफ झालंय म्हणे, पटकन उरकून घेऊ.

शामराव : साफ आम्ही केलं.

संघमित्रा : हो.

शामराव : मी स्वतः कोयता घेऊन होतो. हे बघ हात.

बकुळा : चांगले फोड आलेत. रोज रात्री खोबरेल लावतेय मी.

शामराव : हद्दीच्या दगडांना पण चुना लावला. छान दिसतात म्हणून. आणि शेडच्या पत्र्याला रंग नाही मारला. मी म्हटलं होतं मारू या. तर धनेश म्हणतो, वरून कोण बघणार आहे?

बकुळा : अहो, फोन वाजतोय तुमचा.

शामराव : त्याचाच आहे. हां, बोल रे धनेश. निघतोच आहे. काय? मागच्या जागेवर पाणी मारलंस? कशाला? हां, धूळ उडू नये म्हणून. बरं केलंस. नाही रे, कुठे काय, आवाज नॉर्मलच आहे माझा. ठेव. आलोच.

बकुळा : त्याला सांगितलं नाहीत?

शामराव : काय सांगू? पोरं मर मर राबलीत. काय सांगू त्यांना, आपण त्यांचं काम सोपं करून ठेवलं?

संघमित्रा : म्हणून तर म्हणतेय, नका जाऊ.

शामराव : एक विचारतो. मुलगी म्हणून नको सांगू, सीए म्हणून सांग. विकावं असं तुझंही मत आहे?

संघमित्रा : माझ्या मताला काय विचारताय?

शामराव : मी विचारतोय. मला ऐकायचंय.

संघमित्रा : जलयंत्र चालण्यासारखं राहिलेलं नाही, पप्पा. उद्या कुलूप लागलं तर बाजाराला पत्ताही लागणार नाही. साधं बेअरिंग घ्यायचं तरी तुम्हाला टेंडर काढावं लागतं. तोपर्यंत दुसऱ्याचा माल पोचलेला असतो.

शामराव : टेंडर आम्ही मागितलं होतं? दर दोन वर्षांनी दिल्लीहून नवीन साहेब येतो. त्याला व्हॉल्व समजायला लागतो तेव्हा त्याची बदली होते. नवीन मशीनची फाइल गेली ती गेलीच. हात बांधायचे आणि वर म्हणायचं, पोहता येत नाही.

बकुळा : पाणी गेलं. आज ड्रम अर्धाच राहिला.

शामराव : बघ. वेळ झाली, चावीवाल्याने चावी फिरवली, पाणी बंद. कोपऱ्यावरचा तो व्हॉल्व कुणाचा आहे?

संघमित्रा : जलयंत्रचा. लहानपणापासून दाखवताय मला.

शामराव : मग?

संघमित्रा : पलीकडच्या गल्लीत नवीन बसवला ना, तो कोइंबतूरच्या कंपनीचा आहे. पाणी तिथेही वेळेवर येतं.

शामराव : येतं. आणि गळतं पण.

संघमित्रा : नाही गळत. मी मुद्दाम जाऊन बघितलं. तुमच्यासाठीच बघितलं. गळत असता तर मला किती बरं वाटलं असतं.

बकुळा : एवढं खरं कशाला बोलतेस सकाळी सकाळी?

शामराव : बोलू दे तिला. पण तुमच्या त्या हिशोबात माझा बाप कुठे बसतो ते सांग. त्याला मिलमध्ये विणाईखात्यात पाय ठेवू देत नव्हते. मागाचा धोटा भरताना धागा तोंडाने ओढावा लागायचा. आमच्या माणसाचं तोंड लागलेला धागा दुसरे कसे ओढणार? जन्मभर त्याने स्पिनिंगमध्ये कापसाची धूळ खाल्ली. आणि त्याचा मुलगा जलयंत्रमध्ये लागला. टर्नर, मग टेस्टिंग. मी शिक्का मारल्याशिवाय माल गेटबाहेर जात नाही. परब असो नाहीतर जोशी असो, माझ्या टेबलापुढे येऊन उभा राहतो. हे कुठल्या खासगी शेठने केलं असतं? नफा म्हणजे काय नुसता पैसा असतो काय?

संघमित्रा : नसतो. मला कळत नाही का ते? मी त्याच शिक्क्यावर शिकले.

शामराव : मग लिहा की तसं.

संघमित्रा : पण तुम्ही आजोबांचं सांगताय. आजचं सांगा ना. तुमच्यानंतर टेस्टिंगला परमनंट कोण लागलं?

शामराव : आता भरतीच नाही.

संघमित्रा : मग तुमच्या हाताखाली विनीत आहे तो?

शामराव : कंत्राटी.

संघमित्रा : फाउंड्रीतले सगळे?

शामराव : कंत्राटी.

संघमित्रा : त्यात कुठे आलं आरक्षण? कुठे आली पेन्शन? पाटीवर सरकारचं नाव आहे आणि आतल्या पोरांना शेठसारखंच वागवतात. मग वाचवायचं काय, पप्पा? पाटी?

बकुळा : बस झालं, संघमित्रा.

संघमित्रा : मी नाही विचारलं तर मॅडम विचारतील.

बकुळा : मॅडमने विचारू दे. तू नको विचारू. माझा भाऊ विकास अंबरनाथला प्रायव्हेटमध्ये होता. त्याला मोबाइलवर मेसेज आला, उद्यापासून येऊ नका. उद्यापासून. तो डबा घेऊन निघालेला, जिन्यातून परत आला. तुझ्या पप्पांचं काम वाईट चालत असेल, पण असं घरी कुणी पाठवलं नाही त्यांना. मी इतकी वर्षं रात्री शांत झोपले, ती त्या पाटीवरच झोपले. तुमच्या ड्रोनला दिसतं काय ते?

संघमित्रा : नाही दिसत, आई.

बकुळा : मग झालं तर.

शामराव : तिला नको बोलू. ती म्हणतेय ते चूक नाही. विनीतला मी काय शिकवतो, तर शिक्का कसा मारायचा. आणि त्याच्या हातात शिक्का कधी येणार नाही हे मलाही माहितीये, त्यालाही.

संघमित्रा : मी लिहिलं होतं, पप्पा.

शामराव : काय?

संघमित्रा : टेस्टिंगचं. फाइल अडकते ते. आजोबांचं नाव न घेता तेही लिहिलं, की अशा कारखान्याने कुणाला पहिल्यांदा मशीनला हात लावू दिला. चार पानं झाली होती. मॅडम वाईट नाहीत, त्यांनी नीट वाचलं. म्हणाल्या, छान लिहिलंयस, पण हे आपल्याला विचारलेलं नाही.

शामराव : आणि काढून टाकलं.

संघमित्रा : एक ओळ ठेवलीये. जुन्या कारखान्याला सामाजिक महत्त्व आहे, अशी.

शामराव : आणि जागेबद्दल काय लिहिलंय?

संघमित्रा : मोकळी जागा. आज फोटो लागले की तेवढंच बाकी आहे. मागचा सगळा भाग मोकळा, वापरात नाही.

शामराव : वापरात नाही. आमच्या पोरांनी त्याच जागेत क्रिकेट खेळून मशीनशॉपच्या काचा फोडल्या. चौदा एप्रिलचा मंडप तिथे पडतो. धनेशचा सत्यनारायण तिथेच. संपात आम्ही तिथे झोपलोय. आणि वापरात नाही?

संघमित्रा : फोटोत जे दिसेल ते.

शामराव : कोण बघतं ते फोटो?

संघमित्रा : दिल्लीला जातात. पहिल्याच पानावर मोठा फोटो असतो वरचा. बाकीचं वाचायला कुणाला वेळ नसतो.

शामराव : ड्रोन किती वाजता उडवणार?

संघमित्रा : ते मला सांगता येणार नाही.

शामराव : बरं. नको सांगू.

बकुळा : घ्या शर्ट. गार झाला आता.

शामराव : तिकडे अडकव. फोन दे माझा. हॅलो, धनेश? ऐक. मशीनं बंद कर. हो, सगळी. अरे, आवाज कुणी ऐकायला येत नाहीये. विचारू नकोस, आल्यावर सांगतो. सगळ्यांना मागच्या जागेत घेऊन बस. फाउंड्रीवाले, स्टोअरवाले, कॅन्टीनच्या बायकांना पण सांग, रांगोळी राहू दे. विनीतला घे. शेडमध्ये कुणी थांबायचं नाही. घोषणा नको, बॅनर नको. नुसतं बसायचं. नारळ? फोड ना, तिथेच फोड. किती वेळ ते माहीत नाही. संध्याकाळपर्यंत बसायला लागलं तर बसू.

संघमित्रा : पप्पा, त्याने मोजणी थांबत नाही. हद्द त्यांना दिसेलच. नाहीतर उद्या परत येतील.

शामराव : येऊ देत. परत बसू.

संघमित्रा : आणि परवा?

शामराव : मला काय मोजणी थांबवायचीये? मोजा म्हणावं. विकायचं तर विका. तुझं म्हणणं मला पटत नाही असंही नाही. पण मोकळी म्हणून नका विकू. फोटोत माणसं दिसू देत. दिल्लीत एखादा तरी विचारेल, ही कोण लोकं?

संघमित्रा : कुणी नाही विचारणार.

शामराव : नाही विचारलं तर तू सांग. त्यांच्याच गाडीत आहेस ना?

बकुळा : मागच्या सीटवरून काय सांगेल ती? उतरशील ना गो गाडीतून?

संघमित्रा : आई, बॅग दे माझी. गाडी भारतमाता टॉकीजपाशी येऊन थांबेल आता.

बकुळा : ही घे. पोळीभाजी आहे आत. पप्पांच्या डब्यातही तेच आहे. कुठे एकत्र खायला मिळालं तर बघा.

संघमित्रा : येते मी.

शामराव : ये.

संघमित्रा : पप्पा.

शामराव : काय?

संघमित्रा : दिवसभर नका बसवू सगळ्यांना. ऑक्टोबरचं ऊन आहे. साडेअकराला उडवणार आहेत.

शामराव : बरं.

संघमित्रा : आणि हा युनिफॉर्मचा निळा नको. कुणीच निळा नका घालू. मी जूनचे फोटो बघितलेत. मागे तुम्ही भंगारावर सगळीकडे निळ्या ताडपत्र्या टाकल्यात, वरून माणूस आणि ताडपत्री सारखीच दिसते. विहारात जायचा पांढरा घाला.

बकुळा : द्या इकडे पांढरा. इस्त्री अजून गरम आहे.